लुईस फिगो : कॉर्नरच्या झेंड्याजवळचा खेळाडू

धागालेखक : उजवी बगल

पोर्तुगालचा फुटबॉलपटू लुईस फिगो याचे नाव निघाले की चर्चा दोन मिनिटांत डुकराच्या मुंडक्यावर येऊन थांबते, असा माझा गेल्या वीसेक वर्षांचा अनुभव आहे. त्या मुंडक्यापर्यंत आपणही येणार आहोत. परंतु 1990 ते 2009 अशी एकोणीस वर्षे जो माणूस व्यावसायिक फुटबॉल खेळला, त्याची ओळख एका रात्रीवर उरकून टाकणे मला पटत नाही. माझे म्हणणे असे आहे की बगलेवर, म्हणजे मैदानाच्या कडेने, खेळणारा माणूस मैदानातल्या इतर कोणाहीपेक्षा प्रेक्षकांच्या जवळ असतो, आणि फिगोच्या वाट्याला आलेले प्रेम व द्वेष या दोहोंना त्याच्या या जागेचा मोठा हातभार लागला आहे.

त्याचा जन्म 4 नोव्हेंबर 1972 चा. लिस्बनसमोर तेजो नदीच्या पैलतीरावर अल्मादा हे कामगारवस्तीचे गाव आहे. तिथल्या कोवा दा पिएदादे या भागात तो वाढला आणि गल्लीतल्या ‘ऊश पाश्तील्याश’ या छोट्या क्लबातून नदी ओलांडून लिस्बनच्या स्पोर्टिंग क्लबाच्या युवा संघात आला. स्पोर्टिंगची ख्याती मुख्यतः बगलेवरचे खेळाडू घडवण्यासाठी आहे. पाउलो फुत्रे तिथला, फिगो तिथला, पुढे सिमाव, क्वारेज्मा, क्रिस्तियानो रोनाल्डो आणि नानी हेही तिथलेच. 1 एप्रिल 1990 रोजी, सतराव्या वर्षी, फिगो स्पोर्टिंगच्या मुख्य संघातून पहिला सामना खेळला.

पोर्तुगाल ज्याला ‘सुवर्णपिढी’ म्हणतो ती पिढी 1991 मध्ये लोकांसमोर आली. पोर्तुगालमध्ये भरलेल्या वीस वर्षांखालील विश्वचषकाच्या अंतिम सामन्यात, लिस्बनच्या जुन्या लूझ स्टेडियमवर सव्वा लाखाहून अधिक लोकांसमोर, प्रशिक्षक कार्लुश केरोश यांच्या पोर्तुगीज संघाने ब्राझीलला पेनल्टींवर हरवले. निर्णायक पेनल्टी रुई कोस्टाने मारली. ही जागा लक्षात ठेवावी, कारण तेरा वर्षांनी फिगो याच पत्त्यावर परत येणार होता.

आता त्याच्या खेळाबद्दल. विंगर, म्हणजे बगलेवरचा खेळाडू, म्हटला की आपल्या डोळ्यांसमोर वारा प्यायलेला धावपटू येतो. फिगो तसा नव्हता. त्याचा वेग बेताचाच होता. चेंडू पायाशी घेऊन तो फुलबॅकच्या (कडेच्या बचावपटूच्या) समोर येऊन जवळजवळ थांबत असे, आणि हे थांबणे हेच त्याचे खरे हत्यार होते. समोरचा बचावपटू धावता धावता थबकला की त्याचा तोल टाचांवर जातो. नेमक्या त्या क्षणी फिगो खांदा आत झुकवायचा, बचावपटू त्या बाजूला अर्धे पाऊल सरकायचा, आणि चेंडू उजव्या पायाच्या बाहेरच्या कडेने हातभर पुढे जायचा. क्रॉस (कडेवरून गोलसमोर टाकलेला चेंडू) मारायला तेवढी मोकळी जागा त्याला पुरत असे. बचावपटूला पूर्ण मागे टाकण्याची गरज त्याला सहसा वाटत नसे. जे कसब पायांच्या वेगावर उभे असते ते तिशीनंतर ओसरते. फिगोचे कसब समोरच्याच्या तोलावर उभे होते, म्हणून तो छत्तिसाव्या वर्षापर्यंत टिकला असे मला वाटते.

स्पोर्टिंगकडून त्याला 1995 चा पोर्तुगीज चषक एवढाच मोठा मान मिळाला. त्याच वर्षी त्याच्या आयुष्यातला पहिला करार-घोटाळा झाला, ज्याची आज कोणाला आठवण नसते. युव्हेंटस आणि पार्मा या दोन्ही इटालियन क्लबांशी त्याचे करार झाल्याचे उघड झाले आणि इटलीत दोन वर्षे खेळण्यास त्याला बंदी घालण्यात आली. त्यामुळे योहान क्रायफ प्रशिक्षक असलेल्या बार्सिलोनाला तो अतिशय कमी किमतीत मिळाला. 2000 सालच्या प्रकरणाची ही पूर्वछायाच म्हणावी लागेल.

बार्सिलोनातली पाच वर्षे त्याच्या खेळाची सर्वोत्तम वर्षे होत. क्रायफ गेले, बॉबी रॉबसन आले, नंतर लुई व्हान गाल आले, पण उजव्या बगलेवरचे नाव बदलले नाही. 1997 चा कप विनर्स कप, दोन वेळा स्पॅनिश चषक, 1998 आणि 1999 ची लीग विजेतेपदे ही यादी आहेच. परंतु मला एप्रिल 2000 मधली चेल्सीविरुद्धची लढत अधिक सांगावीशी वाटते. लंडनमध्ये बार्सिलोना 3-1 ने हरला, तो एकमेव गोल फिगोचा होता. परतीच्या सामन्यात बार्सिलोनाने जादा वेळेत 5-1 असा विजय मिळवला, त्यातही एक गोल त्याचाच. तेव्हा तो संघाचा उपकर्णधार होता आणि कातालान (बार्सिलोनाच्या प्रांतातल्या) लोकांनी त्याला आपल्यातलाच मानले होते.

जुलै 2000 मध्ये बार्सिलोनाचा कट्टर प्रतिस्पर्धी असलेल्या रेआल माद्रिदच्या अध्यक्षपदाच्या निवडणुकीत फ्लोरेंतिनो पेरेस यांनी ‘मी निवडून आलो तर फिगोला आणतो’ असे आश्वासन दिले. समोर लोरेन्सो सान्स होते, ज्यांच्या कार्यकाळात क्लबने 1998 आणि 2000 अशी दोन युरोपीय विजेतेपदे मिळवली होती. तरीही पेरेस जिंकले. 24 जुलै रोजी बेर्नाबेऊ स्टेडियमवर माद्रिदचे जुने दिग्गज आल्फ्रेदो दी स्तेफानो यांच्या हस्ते फिगोने क्लबचा पांढरा शर्ट स्वीकारला. रक्कम सुमारे सहा कोटी युरो होती आणि तो त्या काळचा जागतिक विक्रम होता.

21 ऑक्टोबर 2000 रोजी तो माद्रिदच्या शर्टात प्रथम कॅम्प नोवर, म्हणजे बार्सिलोनाच्या मैदानावर, उतरला. त्याचा चेहरा छापलेल्या खोट्या नोटा, ‘गद्दार’ असे फलक, आणि त्याच्या पायाला चेंडू लागताच कानठळ्या बसवणाऱ्या शिट्ट्या. त्या रात्री तो कॉर्नर (मैदानाच्या कोपऱ्यातून मारायचा फटका) मारायला गेलाच नाही. बार्सिलोनाने 2-0 असा विजय मिळवला. एक गोल लुईस एन्रिके याचा आणि दुसरा सिमाव साब्रोसाचा, म्हणजे फिगोच्याच पाठोपाठ स्पोर्टिंगमधून आलेल्या दुसऱ्या पोर्तुगीज विंगरचा.

23 नोव्हेंबर 2002 रोजी मात्र त्याने कॉर्नर आपणच मारायचे ठरवले. बाटल्या, नाणी, गोल्फचे चेंडू, मोबाइल फोन आणि शेवटी भाजलेल्या डुकराच्या पिल्लाचे मुंडके कॉर्नरच्या झेंड्याजवळ येऊन पडले. पंच मेदिना कांतालेहो यांनी दोन्ही संघांना आत नेले आणि खेळ दहा मिनिटांहून अधिक वेळ थांबवला. सामना 0-0 असा सुटला. लोक मुंडक्याचे छायाचित्र पाहतात. मी मात्र त्याच्या चालीकडे पाहतो : तो घाई न करता झेंड्यापर्यंत जातो, पायाशी पडलेली बाटली उचलून बाजूला ठेवतो आणि चेंडू कमानीत नीट लावतो.

माद्रिदमध्ये त्याने दोन लीग विजेतेपदे आणि 2002 ची चॅम्पियन्स लीग जिंकली. 2000 चा बॅलन डी’ओर (युरोपातल्या सर्वोत्तम खेळाडूचा मान) आणि 2001 चा फिफाचा सर्वोत्तम खेळाडूचा मान त्याला मिळाला. राष्ट्रीय संघाबद्दल मी मुद्दामच कमी लिहिले आहे, कारण त्यावर तुम्हा मंडळींकडून ऐकायचे आहे.

---

मांडवीतीर :

लेख आवडला. एक किरकोळ दुरुस्ती सुचवतो, राग नसावा. पोर्तुगीजमध्ये शेवटचा ‘ओ’ हा ‘उ’सारखा उच्चारतात, त्यामुळे नाव खरे म्हणजे ‘लुईश फिगु’ असे आहे; आमच्याकडे गोव्यात पोर्तुगीज शिकलेली जुनी माणसे तसेच म्हणत. आणि ‘फिगु’ म्हणजे अंजीर. माझ्या आजोबांना या आडनावाची इतकी गंमत वाटायची की त्याने क्रॉस मारला की ते ‘अंजीर पडले’ असे म्हणत.

फिगोचा आमच्याशी थोडासा प्रत्यक्ष संबंधही आहे. 2016 मध्ये भारतात प्रीमियर फुटसाल (पाच-पाच खेळाडूंचा छोट्या मैदानावरचा फुटबॉल) ही स्पर्धा झाली, तिचे सामने चेन्नई आणि गोवा येथे खेळवले गेले, आणि त्या लीगचा अध्यक्ष फिगो होता. कोचीच्या संघात मिशेल साल्गादो होता, म्हणजे माद्रिदमध्ये फिगोच्या पाठीमागे उजव्या बचावाला खेळणारा त्याचा जोडीदार. शिवाय आपण ज्या सिमावचा उल्लेख केलात, तो 2015 च्या इंडियन सुपर लीगमध्ये नॉर्थईस्ट युनायटेडकडून खेळून गेला. त्या ऑक्टोबरच्या रात्रीची दोन पात्रे एका वर्षाच्या अंतराने भारतात येऊन गेली, आणि आपल्याकडे त्याची फारशी दखलही घेतली गेली नाही.

---

हिशेबी :

‘सहा कोटी युरो’ हे बरोबर आहे, परंतु त्या वेळी युरोच्या नोटा आणि नाणी व्यवहारात आली नव्हती. ती जानेवारी 2002 पासूनची. करारातली रक्कम एक हजार कोटी पेसेटा होती. एका युरोला 166.386 पेसेटा हा ठरलेला दर लावला की सहा कोटी एक लाख युरो होतात.

त्याहून महत्त्वाचे म्हणजे या व्यवहाराला ‘विक्री’ म्हणणे तितकेसे योग्य नाही. स्पेनमध्ये व्यावसायिक खेळाडूंच्या नोकरीविषयीच्या 1985 च्या शासकीय आदेशानुसार खेळाडूला भरपाई देऊन स्वतःचा करार मोडता येतो, आणि म्हणून तिथल्या करारांत ती रक्कम आधीच लिहून ठेवण्याची पद्धत पडली. ती भरली की जुन्या क्लबच्या संमतीचा प्रश्नच उरत नाही. बार्सिलोनाने हा आकडा इतका मोठा ठेवला होता की तो कोणी भरेल असे त्यांच्या स्वप्नातही आले नसावे. कुलूप मजबूत होते, पण किल्लीची किंमत दारावरच लिहिलेली होती.

---

कॅम्पनोचा वारकरी :

धागालेखकांनी फिगोला फार सहज सोडून दिले आहे, असे नम्रपणे नमूद करतो. पैशासाठी क्लब बदलणारे शेकडो असतात. मायकेल लाउड्रुप 1994 मध्ये याच वाटेने गेला, पण त्याच्यावर कोणी मुंडके फेकले नाही. राग होता तो शब्द मोडल्याचा. 1998 मध्ये विजयोत्सवात याच फिगोने माईक हातात घेऊन पांढऱ्या शर्टवाल्यांना ‘रडव्यांनो’ म्हणून हिणवणारी घोषणा दिली होती. आणि जुलै 2000 मध्ये त्याने बार्सिलोनाच्या एका क्रीडा दैनिकाला ठामपणे सांगितले होते की 24 तारखेला नव्या मोसमासाठी मी कॅम्प नोवर हजर असेन. 24 तारखेला तो कुठे होता, ते तुम्हीच वर लिहिले आहे.

डुकराच्या मुंडक्याचे समर्थन मी करत नाही. परंतु प्रेक्षकांच्या जवळ असल्यामुळे द्वेष वाट्याला आला, हा सिद्धांत मला अपुरा वाटतो. तो मध्यरक्षक असता तरी त्या रात्री शिट्ट्या तेवढ्याच वाजल्या असत्या.

---

उजवी बगल (धागालेखक) :

@मांडवीतीर, उच्चार मान्य आहे. मात्र मराठी वर्तमानपत्रांनी रुळवलेले ‘फिगो’च येथे ठेवतो, अन्यथा अर्ध्या वाचकांना हा कोणी नवा खेळाडू वाटेल. @हिशेबी, किल्लीची उपमा मी वापरणार आहे, आधीच सांगून ठेवतो.

@कॅम्पनोचा वारकरी, शब्द मोडला हे निर्विवाद आहे आणि 24 तारखेचा मुद्दा मी लिहायला हवा होता. परंतु तो शब्द कोणत्या परिस्थितीत दिला गेला, तेही पाहावे. निवडणुकीपूर्वी पेरेस यांच्या बाजूने बोलणी करणारा मध्यस्थ पाउलो फुत्रे होता (पुन्हा स्पोर्टिंगचाच जुना विंगर!) आणि त्याची बोलणी फिगोचा एजंट जुझे वेगा याच्याशी झाली. पेरेस निवडून आले आणि फिगो आला नाही तर मोठा दंड भरावा लागेल, असा करार केला गेला. पेरेस निवडून येणार नाहीत, असे गृहीत धरून ही सही झाली असावी, असा माझा तर्क आहे. त्याच सुमारास बार्सिलोनाचे अध्यक्ष नून्येस पायउतार झाले होते आणि नवे अध्यक्ष जुआन गासपार्त 23 जुलैला निवडून आले. म्हणजे फिगोला थांबवण्यासाठी ज्याने टेबलापलीकडे बसायचे, ती खुर्चीच नेमक्या त्या दिवसांत रिकामी होती. हे फिगोचे समर्थन नव्हे. एजंटाच्या हातात सही देणाऱ्या माणसाने नंतर हात झटकू नयेत, हे मलाही पटते. 1995 मध्ये एकदा पोळल्यावर तर नाहीच नाही.

मध्यरक्षक असता तरी शिट्ट्या वाजल्या असत्या, हे खरे. पण शिट्टी लांबून ऐकू येते आणि बाटली जवळूनच पडते, एवढाच माझा मुद्दा आहे.

---

पेठेतला सात नंबर :

कोल्हापुरात मी बरीच वर्षे उजव्या बगलेला खेळलो. धागालेखकांचा मुद्दा मला शब्दशः पटतो. टच लाइनला लागून बसलेले लोक तुमच्या घरादाराचा उद्धार करतात, तुमची आडनावे त्यांना पाठ असतात, आणि पूर्वार्धात एका बाजूच्या शिव्या संपल्या की उत्तरार्धात दुसऱ्या बाजूच्या सुरू होतात. मधल्या फळीतल्या माणसाला हे ठाऊकच नसते.

साल्गादोचा विषय निघालाच आहे म्हणून सांगतो. कॉर्नर आखूड घ्यायचा असेल तर जवळ येऊन पास मागणे हे त्याचे काम. 2002 च्या त्या सामन्याबद्दल त्याने पुढे गमतीने सांगितले की नेहमीप्रमाणे तो फिगोजवळ जात होता, पण वरून काय काय पडते आहे हे दिसल्यावर ‘आज तुझे तू बघ’ असे म्हणून तो मागे फिरला. ज्याने कधी कॉर्नर मारला आहे, त्याला यातले हसू आणि भीती दोन्ही कळेल.

---

रात्रपाळी :

राष्ट्रीय संघाबद्दल कोणीच बोललेले नाही, म्हणून सुरुवात मी करतो. युरो 2000 स्पर्धा, 12 जून 2000, आइंडहोवन, पोर्तुगाल विरुद्ध इंग्लंड. भारतात रात्रीचे सव्वाबारा वाजले होते. इंग्लंडच्या स्कोल्स आणि मॅकमॅनमन यांनी अठरा मिनिटांत 2-0 केले, तेव्हा माझ्या रूममेटने उठून दिवा बंद केला. बाविसाव्या मिनिटाला फिगो मधल्या वर्तुळापलीकडे चेंडू घेऊन सरळ चालून आला, समोर कोणी अंगावर आले नाही, आणि साधारण पंचवीस-तीस मीटरवरून त्याने फटका मारला. पुन्हा दाखवताना नीट पाहिले तर कळते की चेंडू बचावपटू टोनी ॲडम्सच्या दोन पायांमधून गेला. त्यामुळे गोलरक्षक सीमनला तो उशिरा दिसला असावा आणि त्याची उडी पोहोचेपर्यंत चेंडू जाळ्यात होता. गोल झाल्यावर फिगो आनंद साजरा करत बसला नाही. जाळ्यातला चेंडू उचलून तो मध्यरेषेकडे निघाला. नंतर जुआंव पिंतूचा हेडर आणि नुनो गोमेशचा गोल, 3-2. दिवा केव्हा पुन्हा लागला ते आठवत नाही.

त्या स्पर्धेत उपांत्य सामन्यात फ्रान्सने झिदानच्या पेनल्टीवर, गोल्डन गोलच्या नियमाने (जादा वेळेत पहिला गोल करणारा जिंकतो), पोर्तुगालला बाहेर काढले. 2006 च्या विश्वचषकात उपांत्य सामना, पुन्हा फ्रान्स, पुन्हा झिदानची पेनल्टी. माद्रिदमध्ये चार वर्षे शेजारी बसून कपडे बदलणाऱ्या माणसाने दोनदा दार लावले.

माझा प्रश्न असा की 2004 च्या युरो स्पर्धेतल्या उपांत्यपूर्व सामन्यात फिगोला बदलल्यावर तो रुसून निघून गेला होता का?

---

उजवी बगल (धागालेखक) :

@रात्रपाळी, आपण लिहिलेला गोल मी लेखात घ्यायला हवा होता. फिगो केवळ रेषेला चिकटून खेळत नसे, याचा त्याहून चांगला पुरावा नाही.

2004 चा तो सामनाही इंग्लंडविरुद्धच होता. पोर्तुगाल 1-0 ने मागे असताना पंचाहत्तराव्या मिनिटाला प्रशिक्षक स्कोलारी यांनी कर्णधार फिगोला काढून हेल्देर पोस्तिगाला पाठवले. फिगो थेट ड्रेसिंग रूममध्ये गेला. आठ मिनिटांनी पोस्तिगानेच हेडरने बरोबरी साधली, आणि पेनल्टींवर गोलरक्षक रिकार्दोने हातमोजे काढून इंग्लंडच्या व्हासेलचा फटका अडवला व पुढचा स्वतः मारून सामना जिंकून दिला. कर्णधार मैदानावर नसल्याची मोठी चर्चा झाली. आत आपण प्रार्थना करत होतो, असे नंतर सांगण्यात आले. मला तो रुसला होता असेच वाटते, आणि एकतिसाव्या वर्षी, स्वतःच्या देशातल्या स्पर्धेत, स्वतःच्या शहरात मैदानाबाहेर काढल्यावर न रुसणारा खेळाडू मला फारसा विश्वासार्ह वाटला नसता. उपांत्य सामन्यात नेदरलँड्सविरुद्ध तो उत्तम खेळला, हे त्याचे उत्तर होते.

4 जुलै 2004 चा अंतिम सामना नव्या लूझ स्टेडियमवर झाला, जे जुन्याच्या जागेलगतच बांधले आहे. ग्रीसने 1-0 ने हरवले. 1991 मध्ये जिथे अठरा वर्षांच्या फिगोने जगज्जेतेपद पाहिले, तिथेच हे घडले. 2002 च्या विश्वचषकाबद्दल लिहीत नाही. अमेरिकेकडून आणि दक्षिण कोरियाकडून हरून पोर्तुगाल गटातच बाद झाला.

---

हिशेबी :

मिलानच्या इंटर क्लबाचे काय? इटलीने ज्याला दोन वर्षे येऊ दिले नाही, तो शेवटी तिथेच निवृत्त झाला, याकडे कोणी लक्ष वेधलेले दिसत नाही. शिवाय राष्ट्रीय संघाचे आकडे कोणीतरी लिहावेत.

---

उजवी बगल (धागालेखक) :

राष्ट्रीय संघाकडून 127 सामने, 32 गोल. कित्येक वर्षे सामन्यांचा हा पोर्तुगीज विक्रम होता. पुढे क्रिस्तियानोने तो मागे टाकला.

2005 मध्ये माद्रिदने त्याला जाऊ दिले आणि तो मिलानला इंटरकडे गेला. चार मोसम, चार लीग विजेतेपदे; त्यांतले 2006 चे विजेतेपद युव्हेंटसवरच्या कारवाईनंतर इंटरला बहाल झाले. तिथे तो तारा नव्हता. तासभर खेळायचा, चेंडू आपल्याजवळ ठेवून संघाला दम घेऊ द्यायचा, आणि बदलला गेला की शांतपणे बसायचा. शेवटच्या मोसमात त्याचे प्रशिक्षक जुझे मोरिन्यो होते, जे बॉबी रॉबसन यांचे दुभाषे म्हणून स्पोर्टिंगमध्ये आले तेव्हा फिगो एकोणीस वर्षांचा होता आणि बार्सिलोनातही दोघे एकत्र होते. 31 मे 2009 रोजी अटालांटा या इटालियन क्लबाविरुद्ध तो शेवटचा सामना खेळला. पुढे 2015 मध्ये फिफाच्या अध्यक्षपदासाठी उभा राहून त्याने मतदानाआधीच माघार घेतली. तो विषय या धाग्याचा नाही.

---

मांडवीतीर :

राष्ट्रीय संघातला त्याचा शेवटचा सामना मी आजोबांबरोबर पाहिला होता, म्हणून तेवढे लिहितो. 8 जुलै 2006, स्टुटगार्ट, तिसऱ्या क्रमांकासाठी जर्मनीविरुद्ध. पोर्तुगाल 2-0 ने मागे असताना सत्याहत्तराव्या मिनिटाला फिगो बदली म्हणून आला. जर्मनीने लगेच तिसरा गोल केला, आणि आमच्या घरातली अर्धी मंडळी झोपायला गेली. सामना संपत आला असताना त्याने उजवीकडून चेंडू आत उचलला आणि नुनो गोमेशने झेपावून डोक्याने गोल केला. स्कोअर 3-1. निकालाला त्याचा काही उपयोग नव्हता. आजोबा म्हणाले, ‘पडले’, आणि चष्मा काढून डबीत ठेवला.